थकलेल्या बिलाचा माग: ‘निधी नाही’ या उत्तरानंतर काय करायचे

प्रश्न थोडक्यात असा आहे. सुशिक्षित बेरोजगार अभियंता म्हणून नोंदणी असलेल्या एका तरुणाने जिल्हा परिषदेच्या बांधकाम विभागाकडून काँक्रीट रस्ता आणि गटाराचे काम घेतले. १४ लाख ८० हजारांचे काम गेल्या फेब्रुवारीत पूर्ण झाले. आता जानेवारी उजाडला तरी एक रुपया हातात आलेला नाही. कार्यालयात गेले की ‘निधी नाही, आला की देऊ’ एवढेच ऐकायला मिळते. खडीवाला आणि सिमेंटवाला रोज फोन करतात. एमएसएमई (सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग) कायद्याखाली तक्रार करावी, कोर्टात जावे की संघटनेबरोबर आंदोलनात उतरावे, असे त्यांनी विचारले आहे.

मी जिल्हा परिषदेच्या लेखा शाखेत ३१ वर्षे काढली, त्यातली बरीचशी बांधकामच्या बिलांवर. निवृत्तीनंतर छोट्या कंत्राटदारांची बिले आणि पत्रव्यवहार बघून देतो. टेबलाच्या दोन्ही बाजू पाहिल्या आहेत, म्हणून आधी एकच गोष्ट सांगतो. निधी नसणे वेगळे आणि बिल तयार नसणे वेगळे. कार्यालयात मात्र दोन्हीला एकच उत्तर मिळते. तुमच्या बाबतीत यातले नेमके काय झाले आहे, हे कळल्याशिवाय कोर्ट, तक्रार, आंदोलन यांतले काहीही करू नका.

असे का म्हणतो ते ऐका. मी एका तालुक्याच्या उपविभागात होतो तेव्हा शाळेच्या संरक्षक भिंतीचे काम केलेले एक कंत्राटदार दर सोमवारी यायचे. वयस्कर गृहस्थ, मजुरांचे पैसे द्यायला घरातले दागिने गहाण ठेवलेले. आठ महिने त्यांना ‘निधी नाही’ हेच सांगितले गेले. सांगणाऱ्यात मीही होतो. मधल्या काळात त्या लेखाशीर्षावर (ज्या खात्याखाली कामाचे पैसे येतात त्यावर) दोनदा पैसे आले, याद्या गेल्या, इतरांची बिले निघाली. एका सोमवारी ते बाकावर बसले, पाणी मागितले, आणि त्यांचे हात थरथरताना दिसले. त्या दिवशी पहिल्यांदा मी बिल नोंदवही उघडून त्यांचे नाव शोधले. नोंदच नव्हती. मोजमाप पुस्तिका ज्या शाखा अभियंत्याच्या नावावर दिली होती त्यांची बदली झाली होती, कार्यभार देताना ती पुस्तिका द्यायची राहिली होती. शेवटी ती त्यांच्या जुन्या टेबलाच्या खणात सापडली. मोजमापे पेन्सिलने लिहिलेली, उपअभियंत्याची तपासणीची सही नाही. म्हणजे त्या बिलाचा जन्मच झाला नव्हता आणि आम्ही आठ महिने त्याला पैसे नाहीत म्हणून सांगत होतो. ते मला आजही बोचते.

तर पहिला शोध एमबीचा, म्हणजे मोजमाप पुस्तिकेचा. तुमच्या कामाचा एमबी क्रमांक आणि पान क्रमांक तुमच्या डायरीत लिहिलेला हवा. शाखा अभियंत्याने मोजमापे शाईने नोंदवली का, त्याखाली तुम्ही सही केली का, उपअभियंत्याने तपासून सही केली का, ही तिन्ही उत्तरे ‘हो’ असतील तर बिल बनू शकते. पुढे उपविभागातला लेखा लिपिक बिल तयार करतो, ते कार्यकारी अभियंत्यांकडे जाते, तिथून वित्त विभागात, आणि कॅफोंच्या (मुख्य लेखा व वित्त अधिकाऱ्यांच्या) सहीनंतर पैसे तुमच्या खात्यावर. यातल्या प्रत्येक ठिकाणी आवक-जावक नोंद असते. तुमचे बिल शेवटी कुठल्या नोंदवहीत, कुठल्या तारखेला दिसले, हे शोधणे म्हणजेच माग काढणे.

बिल वित्त विभागातून त्रुटी काढून परत येते तेव्हा बहुतेक कंत्राटदारांना कळतही नाही. त्रुटी अगदी साध्या असतात. काँक्रीटच्या क्यूबचा २८ दिवसांचा चाचणी अहवाल जोडलेला नाही. कामाआधीचा, चालू असतानाचा आणि नंतरचा जिओ-टॅग फोटो नाही. मुदत संपल्यावर काम पूर्ण झाले आणि मुदतवाढीचा आदेश नाही. एमबीत आकडा खोडून वर दुसरा लिहिला आणि तिथे सही केली नाही. खडी-मुरमाची रॉयल्टी शासनाला भरल्याच्या पावत्या नाहीत. निविदेपेक्षा एखादी बाब जास्त झाली आणि तिला वरची मंजुरी घेतलेली नाही. बी-१ या ठरावीक नमुन्याच्या करारात कलम ३८ आहे, निविदेतल्या परिमाणापेक्षा २५ टक्क्यांहून जास्त झालेल्या कामाचा दर कसा ठरवायचा ते त्यात आहे. गटार गावकऱ्यांच्या आग्रहाने वीस मीटर पुढे नेले आणि कोणाचे पत्र घेतले नाही, असे झाले असेल तर सगळे बिल त्या वीस मीटरसाठी अडू शकते. अशा वेळी मंजूर परिमाणापुरते बिल आधी काढायला सांगा आणि वाढीव कामाचा प्रस्ताव वेगळा चालवा.

आता निधीकडे वळू, कारण बिल तयार असूनही पैसे नसणे हेही सर्रास घडते, आणि त्याची मुळे नियोजनात आहेत. जिल्हा परिषदेत कामे मंजूर करताना एक हिशेब वापरतात. वर्षाच्या तरतुदीतून आधीच्या कामांचे दायित्व, म्हणजे द्यायचे राहिलेले पैसे, वजा करायचे आणि जे उरेल त्याच्या दीडपट नवी कामे घ्यायची. समजा एका लेखाशीर्षाला १० कोटी आहेत आणि जुने दायित्व ४ कोटी. उरले ६, म्हणून ९ कोटींची नवी कामे. एकूण १३ कोटींची बिले आणि पैसे १० कोटी. ३ कोटी पुढच्या वर्षावर. पुढच्या वर्षी १० मधून ३ गेले, ७ ची दीडपट १०.५, म्हणजे ३.५ कोटी पुन्हा पुढे. सगळा निधी वेळेवर मिळाला, सगळी कामे वेळेत झाली, तरी नव्या कामांपैकी साधारण एक तृतीयांशाचे पैसे पुढच्या वर्षीच मिळणार, हे मंजुरीच्या दिवशीच ठरलेले असते. सगळी कामे एकाच वर्षात संपत नाहीत म्हणून हे चालते. पण ज्या वर्षी शासन पूर्ण तरतूद वितरित करत नाही, त्या वर्षी खड्डा आणखी खोल होतो. हे जिल्हा नियोजनाच्या निधीचे झाले. मंत्रालयातून थेट मंजूर होणाऱ्या २५१५ (गावांतल्या मूलभूत सुविधा) सारख्या लेखाशीर्षांवर तर मंजूर कामे आणि प्रत्यक्ष येणारा निधी यांत याहूनही मोठे अंतर मी पाहिले आहे.

या सगळ्याचा एकत्रित परिणाम २०२५ मध्ये राज्याने पाहिला. सार्वजनिक बांधकाम, जलजीवन मिशन, ग्रामविकास, जलसंपदा अशा खात्यांची मिळून ८९ हजार कोटींची देणी थकल्याचे कंत्राटदार संघटनांनी सांगितले आणि कामे बंद ठेवली. त्याच काळात बहुतेक जिल्हा परिषदांवर २०२२ पासून प्रशासक होते. निवडून आलेली सभा नसली की केंद्रीय वित्त आयोगाचा त्या संस्थेचा हिस्सा अडतो. त्या निधीतून घेतलेल्या कामांच्या बिलांवर त्याचा थेट फटका बसला. यात तुमचा काहीही दोष नाही. पण तुमचे काम कुठल्या लेखाशीर्षावर आहे हे माहीत नसेल, तर यातले नेमके काय तुम्हाला लागू होते हे कळणार नाही. कार्यारंभ आदेश काढून पाहा, लेखाशीर्ष किंवा योजनेचे नाव त्यावर असते.

तुमच्या दृष्टीने सगळ्यात तातडीची गोष्ट ही आहे. शासनाकडून जिल्हा परिषदेला मिळालेला निधी, मिळाला त्या वर्षात आणि त्याच्या पुढच्या वर्षाच्या ३१ मार्चपर्यंत खर्च करता येतो. उरला तर शासनाकडे परत जातो. तुमचे काम गेल्या फेब्रुवारीत संपले. त्यासाठीचा निधी गेल्या आर्थिक वर्षात आलेला असेल, तर येत्या ३१ मार्चला त्याची मुदत संपते. एमबी अपुरी असल्यामुळे तो परत गेला, तर मग खरोखरच ‘निधी नाही’ होईल आणि नव्याने मागणी करावी लागेल. म्हणून हा महिना बिल तयार करून घेण्यात घाला. मार्चच्या शेवटच्या आठवड्यात वित्त विभागात बिलांचे गठ्ठे छातीपर्यंत येतात. तेव्हा त्रुटी निघाली तर ती दुरुस्त करायला कोणालाही वेळ नसतो.

तोंडी विचारपूस आता बंद करा. कार्यकारी अभियंत्यांच्या नावे एक पानी पत्र लिहा. कामाचे नाव, कार्यारंभ आदेशाचा क्रमांक आणि तारीख, काम पूर्ण झाल्याची तारीख, एमबी क्रमांक, येणे रक्कम. खाली तीन विचारणा: बिल कोणत्या टप्प्यावर आहे, त्रुटी असल्यास कोणती, आणि या कामाचे दायित्व चालू वर्षाच्या यादीत कोणत्या रकमेने नोंदवले आहे. दोन प्रती न्या, एकीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. त्याची प्रत कॅफोंना द्या. ‘दायित्व’ हा शब्द पत्रात हवाच. निधी येतो तेव्हा वाटप दायित्वाच्या यादीप्रमाणे होते. ती यादी उपविभागाकडून आलेल्या आकड्यांवर बनते, आणि उपविभागाने तुमचे काम कळवले नसेल तर तुम्ही रांगेतच नाही.

पंधरा दिवसांत उत्तर आले नाही तर माहितीचा अधिकार वापरा. महाराष्ट्रात अर्ज एका विषयाचा आणि १५० शब्दांच्या आत लागतो, शुल्क १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. ‘माझे बिल का दिले नाही’ असे विचारू नका, त्याला ‘निधी उपलब्ध नाही’ असे एका ओळीचे उत्तर येईल. कागद मागा: एमबीच्या संबंधित पानांची प्रत, बिल नोंदवहीतली नोंद, त्या लेखाशीर्षावर दोन वर्षांत प्राप्त झालेला निधी तारखेसह, आणि त्या निधीतून अदा केलेल्या बिलांची यादी. शेवटचा कागद फार बोलका असतो. तुमच्यानंतर पूर्ण झालेल्या कामाचे बिल तुमच्या आधी निघाले असेल तर ते तिथे दिसते. मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांसमोर त्या यादीसारखा दुसरा पुरावा नाही.

काम ग्रामपंचायतीमार्फत केलेले असेल तर वाट थोडी बदलते. तिथे पंचायत समितीच्या अभियंत्याचे मूल्यांकन आणि काम पूर्णत्वाचा दाखला लागतो, निधी आधी ग्रामपंचायतीच्या खात्यावर येतो आणि सरपंच व ग्रामपंचायत अधिकारी यांच्या डिजिटल सह्यांनी तुम्हाला मिळतो. निवडणुकीनंतर सरपंच बदलले आणि नवे सरपंच ‘ते आधीच्यांचे काम’ म्हणत सही देत नाहीत, असे अनेकदा घडते. करार ग्रामपंचायतीशी असतो, सरपंचाशी नाही, हे गटविकास अधिकाऱ्यांना लेखी कळवा आणि मासिक सभेच्या ठरावाची प्रत जोडा.

आता कायद्याचे. एमएसएमई कायद्यात, म्हणजे २००६ च्या कायद्यात, ४५ दिवसांत पैसे न दिल्यास बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज आहे, आणि हे ऐकून अनेक जण या कायद्याखालच्या तक्रारी ऐकणाऱ्या सुविधा परिषदेकडे धावतात. पण बांधकामाचे कंत्राट, ज्यात साहित्य आणि श्रम एकत्र असतात, ते या कायद्यात बसत नाही अशी भूमिका मुंबई उच्च न्यायालयाने २०१७ पासून घेतलेली आहे. शिवाय करार झाल्यानंतर केलेली नोंदणी मागच्या कामाला उपयोगी पडत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्ये म्हटले होते; २०२५ मध्ये हा प्रश्न मोठ्या पीठाकडे सोपवला गेला. तुम्ही नुसते पाइप किंवा पथदिवे पुरवले असते तर वेगळे. रस्ता आणि गटारासाठी या मार्गावर एक वर्ष घालवू नका, असा माझा स्पष्ट सल्ला आहे.

त्यापेक्षा एक साधा कागद आजच करून ठेवा. व्याज अधिनियम १९७८ प्रमाणे, करारात व्याजाचे कलम नसले तरी, व्याज मागणार असल्याची लेखी नोटीस दिल्या तारखेपासून न्यायालय व्याज देऊ शकते. करारातच व्याजाला मनाई नाही ना, ते आधी पाहून घ्या. नसेल तर मागणीपत्रातच ‘या तारखेपासून व्याजाची मागणी करीत आहे’ असे एक वाक्य घाला. ते वाक्य नसल्यामुळे वर्षा-दोन वर्षांचे व्याज बुडालेली माणसे मला माहीत आहेत.

दुसरी गोष्ट मुदतीची. पैसे देण्याची तारीख करारात ठरलेली नसेल तर केलेल्या कामाच्या किमतीसाठीच्या दाव्याची मुदत काम झाल्यापासून तीन वर्षे. ‘देतो, देतो’ या तोंडी आश्वासनांनी ती वाढत नाही. मुदत संपण्याआधी कार्यालयाने सही करून देणे मान्य केले तर मात्र त्या तारखेपासून नव्याने मोजली जाते. म्हणून दायित्व यादीत तुमचे नाव आणि रक्कम असलेले सहीचे पत्र सोन्यासारखे जपा. दावा लावण्याआधी संबंधित कायद्याखालची नोटीस द्यावी लागते, नगरपालिका, महानगरपालिका, जिल्हा परिषद यांचे कायदे वेगवेगळे आहेत, तेव्हा तिसऱ्या वर्षाच्या शेवटच्या महिन्यात वकिलाकडे जाऊ नका, दुसऱ्या वर्षी जा. बांधकामाच्या करारातला ३ लाखांवरचा वाद वाणिज्य न्यायालयाकडे जातो आणि तातडीचा आदेश मागायचा नसेल तर आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थी करावी लागते. मला ही मध्यस्थी छोट्या कंत्राटदारांच्या सोयीची वाटते, कारण कार्यालयाला तिथे लेखी भूमिका घ्यावी लागते. रक्कम कार्यालयाने मान्य केलेली असेल आणि फक्त देत नसतील, तर उच्च न्यायालयात रिट याचिकाही चालू शकते. मोजमापावरच वाद असेल तर तिथे बहुधा दाव्याचा मार्ग दाखवतात. म्हणजे इथेही सगळे पुन्हा त्या एमबीवर आणि त्या सहीच्या पत्रावर येऊन थांबते.

टक्केवारीबद्दलही बोलले पाहिजे. फाइल हलवायला पैसे मागितले तर देऊ नका. २०१८ च्या दुरुस्तीनंतर लाच देणाराही गुन्हेगार ठरतो. जबरदस्तीने द्यावी लागली आणि सात दिवसांत तपास यंत्रणेला कळवले, तर संरक्षण आहे. लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा टोल फ्री क्रमांक १०६४ आहे. मला कल्पना आहे की अकरा महिने थांबलेल्या माणसाला हे सांगणे सोपे आणि त्याने करणे कठीण आहे. पण निधीच आलेला नसताना ‘तुमचे लवकर करतो’ म्हणून पैसे घेतलेले मी पाहिले आहेत. देणाऱ्याचे बिल त्याने एक दिवसही आधी निघाले नाही.

बिल निघेल त्या दिवशी हातात १४ लाख ८० हजार येणार नाहीत, याचीही मनाची तयारी ठेवा. सुरक्षा ठेवीची रक्कम दोषदायित्व कालावधी (कामातले दोष तुम्ही दुरुस्त करून द्यायची मुदत) संपेपर्यंत अडकेल. व्यक्तीच्या नावावर काम असेल तर आयकर १ टक्का, कामगार कल्याण उपकर १ टक्का, अडीच लाखांवरच्या करारावर जीएसटीचा टीडीएस २ टक्के. हा २ टक्के कार्यालयाने विवरणपत्र भरले तरच तुमच्या खात्यात दिसतो, तेव्हा पोर्टलवर तपासा. रॉयल्टीच्या पावत्या बिलाआधी दिल्या नाहीत तर ती रक्कमही कापतात, आणि नंतर परत मिळवणे बिल मिळवण्याइतकेच कठीण. अंतिम बिलावर ‘माझे कोणतेही येणे बाकी नाही’ असा मजकूर असलेल्या कागदावर सही मागतात. वाढीव काम किंवा व्याज बाकी असेल तर सहीशेजारी ‘हक्क राखून’ असे लिहा. त्यावर लिपिक कुरकुर करेल, तरी लिहा.

खडीवाल्याशी लपवाछपवी करू नका. आवक शिक्का असलेल्या पत्राची प्रत त्याला दाखवा. तुम्ही त्याला मुदतीत (लेखी करार नसेल तर १५ दिवस, असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवस) पैसे दिले नाहीत आणि त्याचे खडी केंद्र सूक्ष्म किंवा लघु उत्पादक म्हणून नोंदलेले असेल, तर प्रत्यक्ष पैसे देईपर्यंत आयकरात तो खर्च तुम्हाला धरता येत नाही. २०२३-२४ या आर्थिक वर्षापासून हा नियम आहे. तुमचे पैसे अकरा महिने सरकारकडे आणि वर त्याचा कर तुमच्या डोक्यावर, असे होऊ शकते. ३१ मार्चच्या आत सीएला हे विचारून घ्या. बँकेतही ९० दिवसांपेक्षा जुनी येणी कॅश क्रेडिटच्या (धंद्यासाठीच्या उचल मर्यादेच्या) हिशेबात बहुधा धरत नाहीत, म्हणून मर्यादा कमी होण्याआधी व्यवस्थापकांना जाऊन भेटा. खासगी सावकाराकडे ‘महिन्याभरात निधी येतोय’ या भरवशावर जाऊ नका. मजुरांचे देणे राहिले असेल तर जे काही येईल त्यातून पहिले ते चुकते करा.

आंदोलनात जरूर जा. निधी पूर्ण वितरित व्हावा, दायित्व फिटल्याशिवाय नवी कामे मंजूर करू नयेत, या मागण्या एकट्याच्या पत्राने मान्य होणार नाहीत. फक्त त्या दिवशीही तुमचे बिल कुठल्या टेबलावर आहे, हे तुम्हाला माहीत असू द्या.

आणि पुढचे काम घेताना काम वाटपाच्या यादीवर सही करण्याआधी उपविभागात जाऊन तीन आकडे विचारा: या लेखाशीर्षाची चालू वर्षाची तरतूद किती, त्यातली प्रत्यक्ष वितरित किती, आणि जुने दायित्व किती. दायित्व वितरित निधीपेक्षा जास्त असेल तर तुमच्या बिलाला किमान एक वर्ष धरा, आणि एक वर्ष घरातून काम ओढण्याइतके भांडवल नसेल तर ते काम घेऊ नका.